'द साउंड ऑफ सायलेन्स'चे ध्वनिमुद्रण आणि पुनरागमन: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नागपूरच्या धरमपेठेतल्या आमच्या घरी महिन्यातून एका रविवारी आठ-दहा मंडळी जुन्या रेकॉर्ड ऐकायला जमतात. त्यांच्याकडून आणि त्यांच्या मुला-नातवंडांकडून सर्वाधिक प्रश्न येतात ते या एका इंग्रजी गाण्याबद्दल. त्यात ड्रम्स आहेत असे कोणी ठामपणे सांगतो, मुळीच नाहीत असे दुसरा तितक्याच ठामपणे सांगतो, आणि दोघांचेही म्हणणे खरे असते. दर वेळी तेच समजावून सांगण्यापेक्षा उत्तरे एकदाच लिहून ठेवली आहेत. प्रत्येक उत्तर स्वतंत्रपणे वाचता येईल. जिथे विषय दुसऱ्या उत्तरात आला आहे तिथे त्याचा क्रमांक दिला आहे.

१. हे गाणे मुळात कोणाचे?

शब्द आणि चाल पॉल सायमन यांची. गायन सायमन आणि आर्ट गार्फंकेल या जोडीचे. दोघांचा जन्म १९४१ मधला आणि दोघेही न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात वाढले. शाळकरी वयात 'टॉम अँड जेरी' या नावाने त्यांचे एक गाणे १९५७ मध्ये थोडेफार गाजले होते. त्यानंतर अनेक वर्षे हाती काही लागले नाही. 'द साउंड ऑफ सायलेन्स' लिहिताना सायमन विशीच्या सुरुवातीला होते. आईवडिलांच्या घरी न्हाणीघरात दिवा मालवून, नळ सोडून, ते गिटार घेऊन बसत, कारण फरश्यांमुळे तिथे आवाज छान घुमत असे, असे त्यांनी पुढे मुलाखतीत सांगितले. गाण्याच्या सुरुवातीला येणारा अंधार या न्हाणीघरातूनच आला आहे.

२. 'फोक' म्हणजे लोकगीत ना? मग एका माणसाने न्हाणीघरात लिहिलेले गाणे 'फोक' कसे?

हा प्रश्न आपल्याकडे पडणे स्वाभाविक आहे. लोकगीत म्हटले की विदर्भातल्या माणसाच्या डोळ्यांपुढे भुलाबाईची गाणी येतात, दंडार येते, खडी गंमत येते. ही गाणी कोणी रचली ते ठाऊक नसते आणि ठाऊक असण्याची गरजही भासत नाही. न्यूयॉर्कच्या ग्रीनविच व्हिलेजमध्ये १९६० च्या सुमारास 'फोक' या शब्दाला निराळा अर्थ आला होता. तिथले तरुण गायक आधी खरीखुरी पारंपरिक गाणी गात. मग त्याच धाटणीत, म्हणजे विजेविना वाजणारी एक गिटार आणि साधा आवाज एवढ्याच साधनांवर, स्वतःची गाणी रचू लागले, आणि त्यांनाही फोकच म्हटले गेले. थोडक्यात, येथे 'फोक' हा शब्द गाण्याचा पेहराव सांगतो, जन्म नव्हे. या पेहरावावर विजेवरची गिटार, बेस आणि ड्रम्स चढवले की 'फोक-रॉक' होते. प्रस्तुत गाण्याच्या बाबतीत हे चढवणे अक्षरशः घडले (प्रश्न ६ पाहा).

३. केनेडींच्या हत्येनंतर देशाला बसलेल्या धक्क्यातून हे गाणे सुचले, असे सगळीकडे वाचतो. खरे आहे का?

तारखांचा मेळ बसत नाही. अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष केनेडी यांची हत्या २२ नोव्हेंबर १९६३ रोजी झाली. त्याच्या सुमारे दोन महिने आधी सायमन आणि गार्फंकेल यांनी 'केन अँड गार' या नावाने हे गाणे न्यूयॉर्कमध्ये श्रोत्यांपुढे गायले होते. गाण्यातली खिन्नता त्या काळाला इतकी चपखल बसली की लोकांनी कारण मागाहून जोडले. असे आपल्याकडच्या गाण्यांबाबतही होते. फरक इतकाच की येथे तारखा नोंदलेल्या असल्याने खोडून काढणे सोपे जाते.

४. पहिले ध्वनिमुद्रण कधी झाले, आणि ते पडले का?

ध्वनिमुद्रण न्यूयॉर्कमध्ये कोलंबिया या रेकॉर्ड कंपनीच्या स्टुडिओत १० मार्च १९६४ रोजी झाले. निर्माते टॉम विल्सन आणि ध्वनिमुद्रक रॉय हॅली. त्यात केवळ दोन आवाज आणि विजेविना वाजणारी गिटार आहे. ज्या अल्बममध्ये हे गाणे आले, तो 'वेन्सडे मॉर्निंग, थ्री ए.एम.' १९ ऑक्टोबर १९६४ रोजी बाजारात आला आणि सुरुवातीला त्याच्या जेमतेम तीन हजार प्रती खपल्या.

अपयशाचे कारण गाण्यात शोधू नये. त्याच वर्षी बीटल्सनी अमेरिकेचा बाजार व्यापून टाकला होता, आणि दोन सभ्य आवाजांत गायलेल्या शांत गाण्यांकडे वळून पाहायला कोणाला सवड नव्हती. सायमन इंग्लंडला निघून गेले, गार्फंकेल कोलंबिया विद्यापीठात शिकत राहिले, आणि जोडी जवळपास मोडल्यातच जमा होती.

५. मग पडलेले गाणे पुन्हा उचलले कोणी?

रेडिओने. बॉस्टनच्या डब्ल्यूबीझेड केंद्रावर रात्री उशिराचा कार्यक्रम करणारे डिक समर १९६५ च्या वसंतात हे गाणे वाजवू लागले. त्यांचे श्रोते बहुतांशी हार्वर्ड आणि टफ्ट्स विद्यापीठांतले विद्यार्थी; त्यांच्या फर्माईशी येऊ लागल्या. सुट्टीत हेच विद्यार्थी फ्लोरिडाच्या कोको बीचवर जमले आणि गाण्याची मागणी तिकडेही पोहोचली. रात्री अकरानंतर आकाशवाणी लावून पडून राहण्याची सवय असलेल्या पिढीला या यशाचे नवल वाटणार नाही, कारण अंधारात एकट्याने ऐकण्याजोगे गाणे अंधारात एकट्याने ऐकणाऱ्यांपर्यंत पोहोचले होते. लक्षात ठेवायचे ते हे की येथवर ते ड्रम्सविनाचेच होते.

६. टॉम विल्सन यांनी नेमके काय केले?

मागणी वाढते आहे ही बातमी कंपनीमार्फत विल्सन यांच्या कानावर गेली. त्याच सुमारास द बर्ड्स या गटाने बॉब डिलन यांचे 'मिस्टर टॅम्बरिन मॅन' विजेवरच्या गिटारींसह वाजवले होते आणि ते अमेरिकेच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत झपाट्याने वर चढत होते. २६ जून १९६५ रोजी ते पहिल्या क्रमांकावर पोहोचले. विल्सन यांनी तेवढीही वाट पाहिली नाही. डिलन यांच्या 'लाइक अ रोलिंग स्टोन'चे ध्वनिमुद्रण ज्या दिवशी सुरू झाले, त्याच १५ जून १९६५ रोजी त्यांनी स्टुडिओतल्या वादकांना बोलावले, १९६४ ची टेप त्यांना ऐकवली आणि तिच्यावर विजेवरच्या गिटारी, बेस व ड्रम्स वाजवून घेतले. गिटारवादकांत अल गोर्गोनी आणि विनी बेल होते. रॉय हॅली यांनी सगळ्यावर बराच प्रतिध्वनी चढवला.

यातली अडचण संगत करणाऱ्याला चटकन कळेल. १९६४ मध्ये दोघांनी गाताना मापक ठोका (मेट्रोनोम) लावलेला नव्हता, त्यामुळे लय किंचित पुढेमागे होते. मैफलीत तबलजीला गायकाच्या चेहऱ्याकडे, खांद्याकडे पाहून पुढचे ओळखता येते आणि गायकही अडला तर सांभाळून घेतो. येथे गायक सव्वा वर्षापूर्वी गाऊन गेलेला, आणि टेप कोणाकडे पाहत नाही. वादकांना तिच्या मागे फरफटत जाणे भाग होते. त्यांनी ते काम किती सफाईने निभावले हे कळायला गाणे चार-पाच वेळा केवळ ड्रम्सकडे लक्ष देऊन ऐकावे.

एवंच, जगभर जे गाणे गाजले ते कोणत्याही एका खोलीत, कोणत्याही एका दिवशी, कोणी मिळून गायले-वाजवले नव्हते. माझ्या मते या गाण्याबद्दल एकच गोष्ट सांगायची झाली तर ती ही सांगावी.

विल्सन यांच्याविषयी दोन वाक्ये जास्त लिहितो, कारण त्यांना क्वचितच कोणी विचारतो. टेक्ससमध्ये १९३१ साली जन्मलेले, हार्वर्डमध्ये शिकलेले हे कृष्णवर्णीय निर्माते मूळचे जॅझचे. सन रा आणि सेसिल टेलर यांच्या सुरुवातीच्या रेकॉर्ड त्यांनी काढल्या. फोक त्यांना फारसे आवडत नसे, आणि कदाचित म्हणूनच त्याच्या सोवळ्याला हात लावताना त्यांचा हात कापला नाही.

७. गायकांना न विचारता असे करता येते? त्यांना राग आला नाही का?

टेप कंपनीच्या मालकीची होती, आणि त्या काळच्या रिवाजात गायकाची परवानगी घेण्याची गरज कोणाला वाटली नाही. सायमन त्या वेळी युरोपात गात फिरत होते. डेन्मार्कमध्ये असताना संगीत व्यवसायाच्या एका साप्ताहिकात आपले गाणे यादीत चढल्याचे त्यांनी वाचले. नवे रूप प्रथम ऐकल्यावर ते हादरले होते, असे त्यांच्यासोबत तेव्हा लंडनमध्ये राहणारे गायक अल स्टुअर्ट यांनी सांगून ठेवले आहे.

हा राग फार टिकला नसावा. १३ सप्टेंबर १९६५ रोजी निघालेली या नव्या रूपाची सिंगल, म्हणजे एका गाण्यासाठी काढलेली छोटी रेकॉर्ड, १ जानेवारी १९६६ च्या बिलबोर्ड यादीत पहिल्या क्रमांकावर गेली, मग बीटल्सच्या 'वी कॅन वर्क इट आउट'ने तिला खाली ढकलले, आणि २२ जानेवारीला ती पुन्हा वर आली. सायमन परत आले, जोडी पुन्हा जुळली. क्वीन्समध्ये दोघे गाडीत बसलेले असताना रेडिओवर पहिल्या क्रमांकाची घोषणा झाली आणि गार्फंकेल उद्गारले की, ते सायमन आणि गार्फंकेल आत्ता कुठेतरी मजेत असतील, हा किस्सा स्वतः सायमन सांगतात.

८. दोन आवृत्त्या कानाने कशा ओळखायच्या?

पहिल्या कडव्यावर घाई करू नये. तिथे दोन्ही जवळपास सारख्या वाटतात. दुसरे कडवे सुरू होताना ड्रम्स दाखल झाले तर ती १९६५ ची, न झाले तर १९६४ ची. गायन मात्र दोन्हींत तेच आहे. 'दुसऱ्या आवृत्तीत त्यांनी जास्त जोशात गायले आहे' असे मला अनेकांनी सांगितले, आणि तो जोश सर्वस्वी वाद्यांनी आपल्या कानात भरलेला असतो.

९. 'साउंड' की 'साउंड्स'?

सुरुवातीच्या रेकॉर्डवर अनेकवचन होते, पुढे एकवचन रूढ झाले. १७ जानेवारी १९६६ रोजी निघालेल्या अल्बमचे नाव अनेकवचनीच, 'साउंड्स ऑफ सायलेन्स', राहिले. आज गाण्यासाठी एकवचन आणि अल्बमसाठी अनेकवचन लिहावे.

१०. प्रश्नमंजूषेत वर्ष विचारले तर कोणते सांगायचे?

प्रश्नातल्या क्रियापदाकडे पाहावे. 'ध्वनिमुद्रित झाले' असे विचारले तर १९६४, आणि विजेवरच्या वाद्यांविषयी विचारले तर १९६५. 'प्रथम प्रकाशित झाले' याचे उत्तर १९६४, 'सिंगल म्हणून निघाले' याचे १९६५, आणि 'पहिल्या क्रमांकावर गेले' याचे १९६६. चित्रपटावरून विचारले तर १९६७ (प्रश्न १२ पाहा). एका आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेत परीक्षकांनी १९६४ हे उत्तर चूक ठरवून माझ्या भाच्याचे गुण कापले होते. प्रश्न 'ध्वनिमुद्रण' असा होता, म्हणून त्याने नंतर हे सगळे त्यांना लिहून पाठवले. गुण अर्थातच परत मिळाले नाहीत.

११. सायमन एकटेच गातात अशी एक आवृत्ती ऐकली. ती खोटी आहे का?

नाही, ती अस्सल आहे. इंग्लंडमधल्या वास्तव्यात सायमन यांनी १९६५ च्या उन्हाळ्यात लंडनमध्ये 'द पॉल सायमन साँगबुक' हा एकट्याचा अल्बम ध्वनिमुद्रित केला आणि त्यात हे गाणे गिटारवर गायले. योगायोग पाहण्यासारखा आहे. लंडनमध्ये लेखक आपले गाणे शक्य तितके उघडेबोडके करून गात होता, त्याच ऋतूत न्यूयॉर्कमध्ये त्याला कळू न देता त्याच गाण्यावर ड्रम्स चढत होते. या आवृत्तीत ते पायाने ठेका धरताना ऐकू येतात आणि आवाजात धार आहे. सर्वांत प्रामाणिक कोणती, असे विचारल्यास मी ही सांगतो. सर्वांत चांगली कोणती, असे विचारल्यास १९६५ ची विजेवरचीच.

१२. चित्रपटामुळे गाणे गाजले ना?

क्रम उलटा आहे. माइक निकोल्स यांचा 'द ग्रॅज्युएट' डिसेंबर १९६७ मध्ये पडद्यावर आला, तेव्हा गाणे पहिल्या क्रमांकावर जाऊन जवळपास दोन वर्षे झाली होती. संकलनाच्या वेळी दृश्यांची गती ठरवण्यासाठी निकोल्स आणि संकलक सॅम ओस्टीन यांनी ते तात्पुरते लावले होते. नंतर त्याजागी दुसरे काही बसेना, म्हणून तेच राहिले. चित्रपटाने गाण्याला नवा अर्थ मात्र दिला. शेवटी बसमध्ये मागच्या बाकावर बसलेल्या दोघांच्या चेहऱ्यांवरचे हसू हळूहळू विरते आणि हे गाणे सुरू होते, ते पाहिलेल्या माणसाला गाणे एकटे ऐकू येत नाही. संग्राहकांसाठी अपवाद: चित्रपटाच्या संगीताच्या रेकॉर्डवर हे गाणे दोनदा आहे, सुरुवातीला विजेवरचे आणि शेवटी विजेविनाचे.

१३. माझ्या मुलाने ऐकवलेले गाणे फार निराळे आहे: जाड आवाज, पियानो, शेवटी जवळजवळ गर्जना. ते हेच का?

हेच. शिकागोच्या डिस्टर्ब्ड या हेवी मेटल गटाने ते 'इमॉर्टलाइज्ड' या ऑगस्ट २०१५ मधल्या अल्बममध्ये घेतले. गायक डेव्हिड ड्रेमन सुरुवात खालच्या सप्तकात, जवळजवळ बोलल्यासारखी करतात, आणि शेवटाकडे त्यांचा आवाज एक सप्तक वर गेलेला असतो. मध्ये पियानो, तारवाद्ये आणि नगाऱ्यासारखी टिंपनी हळूहळू वाढत जाते. गटाच्या नावलौकिकाला साजेशा कर्कश गिटारी मात्र येथे नाहीत. ज्या गाण्यावर पूर्वी ड्रम्स लादले गेले, ते घेऊन एका मेटल गटाने ड्रम्सची धडधडच बाजूला ठेवावी, ही मोठी गंमत आहे.

मार्च २०१६ मध्ये कॉनन ओब्रायन यांच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात त्यांनी ते प्रत्यक्ष गायले. ते पाहून सायमन यांनी ड्रेमन यांना ई-मेल पाठवून दाद दिली, आणि त्या सादरीकरणाला ग्रॅमी पुरस्काराचे नामांकनही मिळाले. पुढे २०२४ मध्ये सिरिल या ऑस्ट्रेलियन डीजेने याच आवृत्तीला नाचाचा ठेका दिला. म्हणजे गाण्यावर मागाहून ठेका चढवण्याचा विल्सन यांचा उद्योग एकोणसाठ वर्षांनी पुन्हा झाला.

जुन्या श्रोत्यांपैकी काहींना डिस्टर्ब्डचे रूप असह्य होते. मला पहिली दोन कडवी फार आवडतात. शेवटी आवाज चढतो तेव्हा मात्र शांततेविषयीचे गाणे आपल्यावर ओरडते आहे असे वाटते.

१४. आमची मुले हे गाणे सुरू झाले की हसतात. का?

२०१६ मध्ये अभिनेते बेन अफ्लेक यांच्या एका मुलाखतीतला त्यांचा पडलेला चेहरा कोणीतरी कापून त्यावर या गाण्याची पहिली ओळ लावली. ती चित्रफीत इतकी फिरली की गाण्याची सुरुवात म्हणजे 'झाली फजिती' असा संकेतच झाला. मूळ गाणे पूर्ण ऐकवावे. दुसऱ्या कडव्याला हसू थांबते, असा माझा घरचा अनुभव आहे.

१५. हार्मोनियमवर कोणत्या पट्टीत घ्यावे?

सायमन गिटारच्या सहाव्या पडद्यावर कॅपो (तारा दाबून धरणारा चिमटा) लावून 'ए मायनर'च्या ठेवणीने वाजवतात, त्यामुळे षड्ज काळी दोनवर येतो. विजेवरची आवृत्ती त्याच टेपवर उभी असल्याने तिचीही पट्टी तीच. डिस्टर्ब्डची काळी तीन. गंधार, धैवत आणि निषाद कोमल, म्हणून आसावरी थाटाची आठवण होते, पण राग आसावरी म्हणून आळवायला जाऊ नये. चाल मधूनच मेजर सुरावटीकडे झुकते आणि तिथे रागाचे चलन आड येते.

१६. स्नेहसंमेलनात आमचा गट हे गाणे करणार आहे. मूळ गाणे लावून त्यावर ड्रम्सचा सराव करावा का?

करू नये. प्रश्न ६ मध्ये सांगितल्याप्रमाणे मूळ लय डुलते. मोबाइलमधला ठोका लावून सराव केला तर मूळ गाण्याशी जुळणार नाही, आणि मूळ गाण्यावर सराव केला तर दुसऱ्यांची डुलण्याची सवय लागेल. तुमच्या गायकांना आधी गाऊ द्यावे आणि ड्रमरने त्यांच्याकडे पाहावे. ती सोय १९६५ च्या वादकांना नव्हती.

१७. बर्डीतल्या जुन्या सामानाच्या दुकानात रेकॉर्ड सापडली तर काय पाहावे?

'वेन्सडे मॉर्निंग, थ्री ए.एम.' असे नाव असेल तर विजेविनाची, 'साउंड्स ऑफ सायलेन्स' असेल तर विजेवरची. 'द ग्रॅज्युएट'चा अपवाद प्रश्न १२ मध्ये आहे. मग रेकॉर्ड डोळ्यांच्या रेषेत आडवी धरून कडेकडून पाहावी. आपल्याकडे मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या पुढे जातो, आणि माळ्यावर आडव्या रचून ठेवलेल्या रेकॉर्ड वाकलेल्या असतात. वाकलेली रेकॉर्ड वाजते, पण सूर हेलकावे खातो, आणि या गाण्यात ते लगेच कळते. घेतल्यावर ती उभी ठेवावी, आणि पश्चिमेच्या भिंतीला लागून तर कधीच ठेवू नये.